निंभोरकर सर भरतीला निघतात

निंभोरकर सरांच्या घरी मी पहिल्यांदा गेले ती एका सहीसाठी. वसतिगृहाच्या अर्जावर कुणातरी प्राध्यापकाची सही लागत होती आणि ज्यांच्याशी बोलायचं धाडस होईल असे प्राध्यापक मला कॉलेजात फारसे दिसत नव्हते. निंभोरकर सर इतिहास शिकवायचे आणि शिकवताना आमच्याकडे न बघता खिडकीबाहेर बघायचे, म्हणून त्यांची भीती जरा कमी वाटायची. दार काकूंनी उघडलं. मी अर्ज पुढे केला. काकू म्हणाल्या, "बस जराशी. सरायची ओहोटी चालू हाये."

मला वाटलं, हा एखादा आजार असेल. आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच. अमरावतीतल्या शिकलेल्या माणसांना कोणकोणते आजार होतात ते मला कुठून माहीत असणार? मी हळूच विचारलं, "डॉक्टरले दाखवलं का?" काकू माझ्याकडे बघत राहिल्या. मग त्यांनी भिंतीकडे बोट केलं. कॅलेंडरच्या शेजारी हातभर लांबीचा एक कागद चिकटवलेला होता. त्यावर तारखा होत्या आणि प्रत्येक तारखेपुढे चार-चार वेळा लिहिलेल्या होत्या. "पावणेबाराले भरती पुरी होते," काकू म्हणाल्या. "मंग निघतीन बाहीर. तवरिक चहा घे."

बरोबर पावणेबाराला आतल्या खोलीचं दार उघडलं. सर बाहेर आले, उभ्या उभ्या माझ्या अर्जावर सही केली, छत्री घेतली आणि निघून गेले. कुठे गेले असं मी विचारलं, तर काकू म्हणाल्या, "सांबार आणाले." आमच्याकडे कोथिंबिरीला सांबार म्हणतात.

ज्यांनी सरांना पाहिलेलं नाही त्यांना हे खरं वाटणार नाही, मला माहीत आहे. पण तो कागद कोकणातल्या तांबळवेळ नावाच्या एका छोट्या आखाताच्या भरती-ओहोटीचा होता. तांबळवेळ अमरावतीहून सातशे किलोमीटर तरी लांब असेल. तिथे भरती आली की इथे सर घराबाहेर पडत. भरती रोज पाऊण तासापेक्षा थोडी जास्तच पुढे सरकते, तसे सरही सरकत. एखाद्या आठवड्यात भरती पहाटे पाचला आली, तर सर पाचला घर सोडत आणि कॉलेजचं फाटक उघडेपर्यंत पायरीवर बसून राहत. तास मात्र त्यांनी कधी चुकवला नाही.

एकदा धीर करून मी विचारलं, "सर, असं कावून?"

"मचवा भरतीलाच काढायचा असतो," सर म्हणाले. "ओहोटीला काढला तर गाळात बसतो."

"पण सर, इथं गाळ कुठे?"

"अमरावतीत गाळ नाही, असं वाटते तुले?"

एवढं बोलून ते खिडकीबाहेर बघू लागले.

सरांचा प्रबंध तांबळवेळच्या लाकडी मचव्यांवर होता. मचवा म्हणजे कामाची नाव. सजावटीची नाही, शर्यतीची नाही. मीठ, कौलं, आंबे, सुकी मासळी, लग्नाचं वऱ्हाड, जे मिळेल ते वाहणारी. सव्वीस वर्षं सर हा प्रबंध लिहीत होते. दर उन्हाळ्याच्या सुट्टीत तांबळवेळला जायचे, मचवे मोजायचे, म्हाताऱ्यांना भेटायचे. पहिल्या वर्षी किनाऱ्यावर बेचाळीस मचवे होते. मग इंजिनं आली, मग फायबरच्या होड्या आल्या. शेवटचा मचवा आता तिथल्या एका हॉटेलच्या दारात उभा आहे आणि त्यात शेवंती लावली आहे. सरांनी त्याचीही नोंद केली आहे. "स्थिती : फुलावर," असं त्यांच्या वहीत लिहिलेलं मी स्वतः टाइप केलं. हो, टाइप मी करायचे. सरांना संगणक येत नव्हता आणि मलाही तेव्हा येत नव्हता, पण मी शिकेन असा त्यांना विश्वास होता. असा विश्वास माझ्यावर आधी कुणी ठेवला नव्हता.

यात एक अडचण होती. सरांना बोट लागायची. म्हणजे भर समुद्रातच नाही, गुडघाभर पाण्यात दोरीनं बांधलेल्या मचव्यात पाय ठेवला तरी त्यांच्या पोटात कालवायला लागायचं. सव्वीस वर्षांत ते एकाही मचव्यातून कुठे गेले नाहीत. तांबळवेळचा शेवटचा मचवा बांधणारा धाकू मिस्त्री त्यांना म्हणाला होता, "मास्तर, तुमी आपले रेतीत बसा. मचव्याचं मी सांगतो, तुमी लिवा." सर ही गोष्ट सांगताना लाजत नसत. उलट धाकूनं आपल्याला योग्य जागी बसवलं, असं त्यांना वाटायचं.

धाकूकडे कागदावर काढलेला एकही आराखडा नव्हता. त्याच्याकडे एक सुती दोरी होती. तिच्यात गाठी होत्या. या गाठीपासून त्या गाठीपर्यंत तळाचं लाकूड, इथून तिथपर्यंत रुंदी, एवढ्यावर पुढचं टोक उचलायचं. दोरी आधी खाऱ्या पाण्यात भिजवायची आणि मगच मापं घ्यायची, कारण कोरडी दोरी खोटं बोलते असं धाकू म्हणायचा. मरायच्या आधी त्यानं ती दोरी सरांना दिली. आणि सरांचं सगळं आयुष्य ज्यावर फिरलं ती गोष्टही त्यानंच सांगितली. पहिल्याच भेटीत त्यानं विचारलं होतं, कुठचे तुम्ही? सर म्हणाले, अमरावती. धाकू फळ्यांच्या फटीत कापूस ठासत होता. तो म्हणाला, "म्हणजे ह्या कापसाच्या गावचे. अहो, हा आत नसेल तर आमचा मचवा दोन घटका टिकत नाही. आमच्या प्रत्येक मचव्यात तुमचं गाव कोंबलेलं आहे."

सर तिथेच रेतीत बसले, ते प्रबंधाचं पाचवं प्रकरण होईपर्यंत उठले नाहीत, असं म्हणायला हरकत नाही.

मी दुसऱ्या वर्षाला असताना प्रबंध बाहेरच्या परीक्षकांकडून परत आला. सोबत एक कागद होता. तो मी वाचून दाखवला. सगळी प्रकरणं चांगली म्हटली होती, फक्त पाचव्याबद्दल लिहिलं होतं : "कल्पनारम्य. नुसत्या दोरीवरून मचवा बांधता येतो व वऱ्हाडच्या कापसावर तो तरतो, यास लेखकाच्या श्रद्धेखेरीज पुरावा नाही. पुरावा द्यावा अथवा प्रकरण काढावे." मुदत एका वर्षाची होती आणि ती शेवटची होती. सरांचं निवृत्तीचं वर्षही तेच.

"काढून टाका न एक," काकू म्हणाल्या. "बाकीचे नऊ हायेत."

 त्या दिवशी सव्वातीनला भरती होती. सव्वातीन वाजले, साडेतीन वाजले, सर खुर्चीतच बसून राहिले. काकू घाबरल्या. चार वाजता सर म्हणाले, "धाकूले खोटं पाडू मी? रामाजी मिस्त्रीले बोलवा."

रामाजी मिस्त्रींनी जन्मभर बैलबंड्या बनवल्या होत्या. बंड्यांची मागणी संपल्यावर ते दारं-खिडक्या करत होते आणि त्यात त्यांचं मन लागत नव्हतं. सरांच्या घराशेजारी एक खोलगट मोकळा प्लॉट होता. त्याचा मालक नागपूरला होता आणि तो कधी यायचा नाही. तिथे सागाच्या फळ्या येऊन पडल्या. सरांनी रामाजींना सगळं समजावलं. धाकूची दोरी काकूंनी बादलीत मीठ घालून भिजवली. रामाजींनी ती ओली दोरी हातात धरून शांतपणे ऐकलं आणि विचारलं, "समदं समजलं सर. चाकं कुठी लावाची?"

"चाकं नाहीत, रामाजी. ती पाण्यात चालते."

रामाजींनी प्लॉटकडे पाहिलं. जानेवारीचा महिना होता, काळ्या मातीला भेगा पडायला लागल्या होत्या. "पाण्यापरेंत कशी जाईन मंग? मी म्हनतो दोन चाकं असू द्या. नाई लागले तं काढून घेऊ."

हा वाद तीन महिने चालला. पण काम रामाजींनी असं केलं की विचारू नका. रोज सकाळी ते दोरी स्वतः भिजवायचे. "कोन होता हा धाकू," एकदा ते गाठी चाचपत मला म्हणाले, "मानूस हुशार होता. चाकाचं तेवढं राहून गेलं त्याचं."

कापूस माझ्या बाबांनी दिला. आम्ही रिद्धपूरकडचे. शेतात भाजीपाला असतो, वांगी, मेथी, सांबार. बांधाकडेला थोडा कापूस. मी सरांच्या मचव्याचं सांगितलं तेव्हा बाबांनी हातातली मेथीची जुडी बांधून पुरी केली. मग म्हणाले, "कॉलेजात हेच शिकवते का?" आणि दुसऱ्या दिवशी एसटीत दोन पोती चढवून दिली.

आता फटीत ठासायला कापसाच्या लांब, घट्ट वळलेल्या वाती लागतात. सर काकूंना एवढंच म्हणाले, "वाती पाहिजेत. लांब. खूप." काकू दुपारी ओट्यावर सरकी काढत, वाती वळत बसल्या. समोरच्या चंदाबाई आल्या. आमच्याकडे नवसाला देवापुढे लाख वाती लावायची पद्धत आहे. एवढा कापूस पाहून चंदाबाईंनी स्वतःच ठरवून टाकलं की निंभोरकर काकूंनी लाख वातींचा नेम धरला आहे, नवऱ्याला एकदाची डॉक्टरी मिळावी म्हणून. त्यांनी गल्लीत सांगितलं. रोज दुपारी दहा-बारा बायका ओट्यावर येऊन अभंग म्हणत वाती वळू लागल्या. काकूंनी खरं काय ते का सांगितलं नाही, असं मी विचारलं. त्या म्हणाल्या, "येवढ्या जनी आल्या, गात होत्या. कोन्या तोंडानं सांगू?"

नवसाच्या वाती मोजूनच द्यायच्या असतात, म्हणून मोजल्याही. मार्चमध्ये एका सकाळी चंदाबाई फुलं द्यायला आल्या आणि त्यांनी पाहिलं की रामाजी मिस्त्री हातोडी अन् छिन्नीनं त्या वाती फळ्यांच्या फटीत ठोकत आहेत आणि वरून राळ फासत आहेत.

"अवं माय!" त्यांचा आवाज गल्लीच्या टोकापर्यंत गेला. "देवाच्या वाती लाकडात ठोकून राहिले हे!"

दहा मिनिटांत सगळ्या बायका प्लॉटवर जमल्या. रामाजींनी हातोडी खाली ठेवली आणि ते मचव्याच्या पलीकडे जाऊन उभे राहिले. सर बाहेर येऊ शकत नव्हते, ओहोटी होती. ते खिडकीतून म्हणाले, "मी समजावून सांगतो, सव्वादहाला." त्यामुळे बायका आणखी चिडल्या.

शेवटी काकू पुढे आल्या. त्या एरवी फार बोलत नसत. म्हणाल्या, "नवस मी केला नोयता. तुमीच करून टाकला. आता झाला तं झाला. दिव्यातली वात दोन घडीत जळून जाते. ही वात पन्नास वर्सं कोनाले बुडू देत नाई. देवाले कोनती आवडंन, तुमीच सांगा."

 चंदाबाईंनी एका फटीतली वात बोटानं चाचपली. मग हातातली फुलं मचव्याच्या पुढच्या टोकावर ठेवली आणि जाता जाता रामाजींना म्हणाल्या, "ठोक, पन चांगली ठोक. मायी वात गळाले नोको." त्या दिवसापासून मचवा सरांचा राहिला नाही, गल्लीचा झाला. सरांच्या हे उशिरा लक्षात आलं.

एप्रिलमध्ये मचवा पुरा झाला. अठरा फुटांचा, काळसर, पोट मोठं. आणि ऊन लागताच त्याच्या फळ्या आकसू लागल्या. धाकूनं सांगून ठेवलं होतं, की पाण्याबाहेरचा मचवा तहानतो, त्याला ओला ठेवावा लागतो, नाहीतर उघडतो. तांबळवेळला ओलं ठेवणं सोपं आहे. आमच्या गल्लीत नळाला पाणी तिसऱ्या-चौथ्या दिवशी यायचं. सरांनी नळाची नळी थेट मचव्यात सोडली.

पहिल्या दिवशी सगळं पाणी फटींतून रस्त्यावर वाहून गेलं आणि गल्लीत भांडण झालं. "बाहेरचं पाणी आत येऊ नये म्हणून बांधली ना नाव?" चंदाबाई म्हणाल्या. "मंग आत कावून ओतून राहिले?" यावर रामाजींचं उत्तर मला फार आवडलं. ते म्हणाले, "बाई, भोक असंन तं दोनी बाजूनं असंन. मी बंडीचं लोखंड पाहाले सूर्याकडून पाहू का चंद्राकडून?" दुसऱ्या वाक्याचा अर्थ मला अजून लागलेला नाही, पण चंदाबाई गप्प झाल्या. दुसऱ्यांदा भरला तेव्हा फळ्या फुगायला लागल्या होत्या. चौथ्यांदा भरला तेव्हा मी आणि सर बाहेरून हात फिरवत मचव्याभोवती फिरलो. कुठेच ओल नव्हती. सर वाकून वाकून पुन्हा पाहत होते. "गळत नाही," ते म्हणाले, जणू कुणाची तक्रार करत असावेत.

मग मे महिन्यात कुठेतरी मोठा पाइप फुटला आणि सलग नऊ दिवस नळ कोरडे राहिले. गल्लीत एकच भरलेली गोष्ट होती. पहिल्या दिवशी कुणी आलं नाही. दुसऱ्या दिवशी चंदाबाई घागर घेऊन उभ्या राहिल्या. "प्याले नाई मांगत सर. धुन्याले."

आता सरांचं अवघड झालं. परीक्षक पुरावा पाहायला शुक्रवारी स्वतः येणार होते. तोपर्यंत मचवा सुकला तर उघडणार आणि उघडला तर पाचवं प्रकरण गेलं. आणि समोर बायका रिकाम्या घागरी घेऊन उभ्या. सर आत गेले, कागद पाहिला आणि बाहेर येऊन म्हणाले, "भरतीला घ्या. ओहोटीला हात लावू नका." त्यांना बहुतेक वाटलं होतं की असं म्हटल्यावर बायका कंटाळून जातील. पण वऱ्हाडातल्या बाईला पाण्याची वेळ सांगून कंटाळा आणणं अशक्य आहे. दोन दिवसांत गल्लीतल्या पोरासोरांनाही तांबळवेळची भरती पाठ झाली. मी स्वतः ऐकलं आहे, एक बाई दुसरीला गच्चीवरून विचारत होती, "वो माय, आज भरती कवा लागते?" आणि दुसरी म्हणाली, "काल अडीचले होती नं, मंग आज सव्वातीन धर." कोकणातल्यासुद्धा किती जणींना हे न बघता सांगता येईल, मला शंका आहे.

शुक्रवारी परीक्षक आले तेव्हा नेमकी भरती होती. ते समुद्राकाठचेच, पांढऱ्या भुवयांचे गृहस्थ होते. त्यांनी पाहिलं ते असं : वैशाखाचं ऊन, वाळलेला प्लॉट, मधोमध मचवा, त्याच्या टोकाला हळदकुंकू, आणि दोन्ही बाजूंनी बायका घागरी बुडवत आहेत. आत वीतभर पाणी उरलं होतं. 

"हा मचवा आहे की टाकी?" त्यांनी विचारलं.

"मचवाच आहे," सर म्हणाले. "सध्या उलटा चालू आहे."

परीक्षकांनी रुमाल काढला. मचव्याच्या पोटावरून, प्रत्येक सांध्यावरून तो फिरवत ते एक पूर्ण फेरी फिरले. रुमाल कोरडा राहिला. त्यांनी दोरी मागितली. रामाजींनी ती भिजवून आणली आणि गाठी मचव्याला लावून मापं दाखवली. परीक्षकांनी चष्मा काढून पुसला. "माझे आजोबा मचव्यावर होते," ते हळू आवाजात म्हणाले. मग एकदम प्राध्यापकासारखं म्हणाले, "पण निंभोरकर, पुरावा अर्धाच झाला. पाणी आत राहतं हे दिसलं. बाहेर राहतं का, ते पाण्यातच कळेल. सप्टेंबर संपायच्या आत तरंगतानाचा फोटो पाठवा. स्वतः आत बसून. नाहीतर पाचवं प्रकरण काढतो मी."

सरांनी मचवा तलावावर न्यायचे अर्ज चार ठिकाणी केले. एका कार्यालयातून विचारणा आली, नावेत कोणत्या देवाची मूर्ती बसणार आणि मिरवणुकीचा मार्ग कोणता. दुसरीकडून उत्तरच आलं नाही. रामाजी रोज म्हणायचे, "मी पयलेच सांगतलं होतं, चाकं." जून, जुलै, ऑगस्ट गेला. सप्टेंबरमध्ये सरांनी मला पाचवं प्रकरण वेगळ्या फाइलमध्ये काढून ठेवायला सांगितलं. "तुझ्याजवळ असू दे," म्हणाले. मी वेगळी फाइल केली, पण प्रबंधातून ते काढलं नाही. माझा हात धजला नाही. सरांना तसं सांगितलंही नाही.

महिना संपायला चार दिवस होते तेव्हा पाऊस आला तो तीन दिवस हललाच नाही. गल्लीची नाली तुंबली. काळी माती पाणी पिऊन पिऊन भरली आणि मग तिनं प्यायचं सोडलं. तिसऱ्या दिवशी दुपारी एकला मी सरांकडे पोचले तेव्हा खोलगट प्लॉटमध्ये मांडीभर पाणी होतं आणि मचवा, पावसानं काठोकाठ भरलेला, खाली टेकू दिलेल्या ओंडक्यांवर तसाच बसला होता.

"सर!" मी ओरडले. "सर, प्लॉटमध्ये पाणी आहे!"

सर कागदासमोर उभे होते.  "भरती चार दहाला आहे," ते म्हणाले.

तेवढ्यात चंदाबाई साडी खोचून आल्या. "सर, नगरपालिकेचे मानसं नाली खोलून राहिले तिकडं. अर्ध्या घंट्यात पाणी चाल्लं जाईन."

"चार दहाला," सर म्हणाले.  "सव्वीस वर्षं मी..."

काकू स्वयंपाकघरातून आल्या. त्यांनी आधी सरांकडे पाहिलं, मग भिंतीकडे गेल्या आणि तो कागद टरकन काढून घडी करून कमरेला खोचला. "थे तिथली भरती," त्या म्हणाल्या. "इथली हे पाह्य दाराशी आली. निघा."

आणि निंभोरकर सर ओहोटीला घराबाहेर पडले.

पुढचं मला तुकड्या-तुकड्यानं आठवतं. ज्या घागरींनी बायकांनी उन्हाळ्यात मचव्यातून पाणी नेलं होतं त्याच घागरींनी आता त्या पाणी बाहेर फेकत होत्या. मांडीभर पाण्यात दोन रांगा, आणि कुणीतरी त्या वाती वळतानाचाच अभंग सुरू केला. रामाजी पाण्यात बुडी मारून ओंडके तपासत होते. सरांना मधल्या फळीवर बसवलं होतं, डोक्यावर छत्री. मी रस्त्याच्या कडेला मोबाइल धरून उभी होते. पाणी उतरायला लागलं होतं, समोरच्या भिंतीवरची ओली रेघ मला दिसत होती.

मचव्यात घोट्याएवढं पाणी उरलं. मग बोटभर. काही झालं नाही. चंदाबाई थांबल्या, सगळ्याच थांबल्या. मग सरांनी छत्री खाली ठेवली आणि पोटावर हात धरला. त्यांचा चेहरा हिरवट झाला होता. ते काठावर ओणवे झाले आणि त्यांना भडाभडा उलटी झाली.

"अवं, काय झालं यायले?" काकू ओरडल्या.

सरांनी तोंड वर केलं. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि ते हसत होते. "बोट लागली!" ते काकूंकडे बघून ओरडले. "शकुंतला, मले बोट लागली! तरंगते! लिही पोरी, तरंगते!"

रामाजींनी पाण्याखाली हात घातला, ओंडक्याच्या आणि मचव्याच्या मधून सरळ आरपार. मग त्यांनी हात वर काढून सगळ्यांना दाखवला. आम्हा कुणालाच कळलं नव्हतं. मचवा चार बोटं उचलला होता आणि ते सगळ्यात आधी सरांच्या पोटाला कळलं होतं.

वीस मिनिटांनी तो पुन्हा ओंडक्यांवर बसला. माझ्या फोटोंपैकी एकच नीट आला आहे. त्यात सर काठावरून खाली वाकलेले आहेत. दुसरा नसल्यामुळे तोच पाठवावा लागला. प्रबंधात त्याखाली लिहिलं आहे : "मचवा तरंगत असताना. काठावर लेखक." परीक्षकांचं उत्तर एका ओळीचं आलं : "हा पुरावा नाकारणं मला शक्य नाही. माझ्या आजीलाही असंच व्हायचं." पाचवं प्रकरण राहिलं. सर डॉक्टर झाले. काकूंनी दारावर नवी पाटी लावू दिली नाही. "लोक रातबेरात गोया-औषद मांगाले येतीन," त्या म्हणाल्या.

भरतीचा कागद पुन्हा भिंतीवर लागला, घड्या पडलेला. पण त्यावर सरांनी एक नवा रकाना आखला होता. वर लिहिलं होतं, "इथली". त्यात ते नळ आला तो दिवस आणि वेळ लिहायचे, पाऊस झाला की तोही. दोन्ही रकाने पाहून, जो आधी लागेल त्याला निघायचे. त्यामुळे ते थोडे जास्त बाहेर दिसू लागले. मला म्हणाले, "एवढी वर्षं मी एकाच किनाऱ्याचा इतिहास लिहीत होतो."

दीड वर्षानं, मार्चमध्ये, मी एम.ए.ला प्रवेश घेतलेला होता, एका सकाळी काकूंचा फोन आला. मी पोचले तेव्हा सर खाटेवर होते, झोपल्यासारखे. चहा घेतला आणि जरा पडतो म्हणाले, एवढंच. गल्ली सगळी जमली होती. रामाजी मचव्याला हात टेकून बाहेर उभे होते. का कुणास ठाऊक, मी भिंतीपाशी जाऊन तो कागद पाहिला. सर गेले त्या वेळी तांबळवेळला पुरती ओहोटी होती. मी पटकन बाजूला झाले, पण काकूंनी मला बघताना पाहिलं होतं.

"काय हाये तिथं?" त्यांनी विचारलं.

मला खोटं बोलता येत नाही. "ओहोटी, काकू," मी म्हटलं.

काकूंनी एकदा कागदाकडे पाहिलं. मग त्यांनी चंदाबाईंकडे मान वळवली. "आज पाच दिवसानं नळ आला. कवा आलता वो?"

"साडेसातले," चंदाबाई डोळे पुसत म्हणाल्या. "आठ-सव्वाआठपरेंत होता. मचवाबी भरला मी."

"मंग बराबर हाये," काकू म्हणाल्या. त्यांनी सरांच्या अंगावरची चादर नीट केली. "आठले गेले. इथली भरती होती."

त्यांनी मला पेन आणायला सांगितलं. मी दुसऱ्या रकान्यात तारीख लिहिली आणि वेळ लिहिली. आणि बाहेर मचवा काठोकाठ भरलेला होता, एक थेंबही गळत नव्हता.